टीव्हीतला बायडू

घानातल्या सेकोंडीच्या रेल्वे वसाहतीत एसिलफी ड्रायव्हरला हळू आवाजात काही सांगायच्या भानगडीत कोणी पडत नसे. तेहतीस वर्षं डिझेल इंजिनाच्या पोटाशी बसून काढलेला माणूस. डावा कान निवृत्तीच्या आधीच गेला होता आणि उजवा मनात आलं तर ऐकायचा. त्याची मुलगी अराबा हॉस्पिटलच्या प्रयोगशाळेत कामाला होती. तिने बापासाठी कानाचं यंत्र आणलं. एसिलफीने ते एक रविवार घातलं, प्रार्थना चालू असताना त्याला मागच्या बाकावरच्या बाईचं पोट गुरगुरलेलं ऐकू आलं, आणि घरी येऊन त्याने ते यंत्र कपाटात टाकलं ते कायमचं.

"नको तेवढं ऐकू येतं त्यात," तो म्हणाला.

त्याला ऐकायचा असे तो एकच आवाज, बायडूचा. बायडू रेल्वेतला टी.सी. हा गाडी हाकायचा, तो गाडीत तिकिटं तपासायचा, आणि नोकरीत असताना सुट्टीच्या दिवशी, निवृत्तीनंतर रोज दुपारी दोघं रेल्वे क्लबमागच्या कडुनिंबाखाली डामे खेळायचे. शंभर घरांचा पट, त्यातली पन्नास काळी, आणि सोंगट्या म्हणजे बाटल्यांची बुचं: एकाची उताणी, दुसऱ्याची पालथी. समोरच्याच्या सोंगटीवरून उडी मारायची आणि ती खायची. पण डामेत हातापेक्षा तोंड जास्त चालतं. टोमणे न मारता डामे खेळणं म्हणजे सुपाशिवाय फुफूचा कोरडा गोळा गिळणं. बायडूचा आवाज असा खणखणीत होता की आठ डब्यांच्या गाडीत तो पहिल्या डब्यात "तिकीट!" म्हणाला की शेवटच्या डब्यातली माणसं शौचालयात जाऊन कडी लावत.

मग बायडूची बायको गेली. मुलगा एकोव येऊन बापाला आपल्याकडे तमालेला घेऊन गेला, म्हणजे देशाच्या पार दुसऱ्या टोकाला. जाताना बायडू पटही काखोटीला मारून गेला. पट त्याचाच होता.

एसिलफीने सुरुवातीला फोन करून पाहिला. तो फोन कानाला लावून दहा-बारा वेळा "हॅलो" ओरडे आणि कंटाळून अराबाच्या हातात देई. अराबा ऐकून सांगे, "बायडूकाका विचारतात, बरे आहात ना?"

"त्याला सांग, तू गेल्यापासून झाडाखाली वारा यायला लागलाय."

अराबा सांगे. तिकडून बायडू काहीतरी बोले आणि अराबा ओशाळून म्हणे, "जाऊ दे. हे मी नाही सांगणार."

"अगं, सांग ना! काय म्हणाला?"

"बापाला सांगण्यासारखं नाही ते."

मुलीच्या तोंडून गाळून येणाऱ्या टोमण्याला काय चव असणार? फोन बंद झाले. एसिलफीने क्रेन्ट्सिलबरोबर खेळून पाहिलं. क्रेन्ट्सिल जुना सिग्नलमन, आयुष्यभर लाल आणि हिरवा या दोनच शब्दांत बोललेला. तो खेळायचा बरा, पण शोकसभेला बसल्यासारखा. चार महिन्यांत एसिलफी इतका चिडचिडा झाला की शेजारच्या आंटी अटाने त्याला रोजची पानात गुंडाळलेली मक्याची केंकी पोचवायचं बंद करून कुंपणावरून फेकायला सुरुवात केली.

शेवटी तोडगा अराबाने काढला. संध्याकाळी कामावरून आली की ती टीव्हीला जोडलेल्या गेमच्या डब्यावर फुटबॉल खेळायची आणि खेळताना कुमासी-टेमाकडच्या मैत्रिणींशी गप्पा मारायची. एकदा मैत्रिणीला गोलवरून चिडवत असताना तिचं लक्ष बापाकडे गेलं. तो खुर्चीत बसून तिच्या तोंडाकडे उपाशी माणसाने ताटाकडे बघावं तसा बघत होता.

तिने एकोवला फोन लावला. त्याच्याकडेही तसाच डबा होता. त्यावर डामेही निघालं, शंभर घरांचं, अगदी आपल्यासारखं.

पहिल्या शनिवारी अराबाने बापाच्या कानांवर हेडफोन चढवला. त्याने तो दोन मिनिटांत काढला. "कानावर वाट्या बांधून मी बसणार नाही. मी काय विमान चालवतोय?"

हेडफोन काढल्याबरोबर बायडूचा आवाज त्याच्या हातातल्या कंट्रोलरमधून यायला लागला. त्या कंट्रोलरला एसिलफी खेकडा म्हणायचा. खेकड्याच्या पोटात एवढासा स्पीकर होता. एसिलफीने खेकडा उजव्या कानाला लावला.

"याला कोणी खोक्यात कोंडलंय का? डास गुणगुणल्यासारखा ऐकू येतोय."

"थांबा पापा." अराबा सेटिंगमध्ये शिरली. या खिडकीतून त्या खिडकीत, तिथून तिसऱ्या. एका ओळीत लिहिलं होतं, गप्पांचा आवाज कुठून हवा. तिथे कंट्रोलर खोडून तिने टीव्ही निवडला. मग टीव्हीचा आवाज वीस केला, चाळीस केला. बाप मान हलवत राहिला. तिने तो साठवर नेला.

"...ए म्हाताऱ्या इंजिना! जिवंत आहेस की भंगारात काढलं तुला?"

खिडकीचा पडदा हलला. अंगणातल्या भिंतीवर बसलेल्या आंटी अटाच्या दोन शेळ्यांनी खाली उड्या टाकल्या. स्वतः आंटी अटा हातात पळी घेऊन धावत आली. "मिस्टर बायडू आले? कधी आले? कुठे आहेत?" आणि तिने दारामागे वाकून पाहिलं.

एसिलफीने खेकडा मांडीवर ठेवला. डोळे पुसले. मग छाती फुगवून ओरडला, "कोण रे तो? तिकीट आहे का तुझ्याकडे, माझ्या टीव्हीत शिरलास तो?"

बायडू म्हणाला, "एसिलफी, तुझ्या घरात कोणीतरी गाढव आहे. मी बोललो की तेच परत बोलतंय."

"तो तुमचाच आवाज आहे काका," अराबा ओरडून म्हणाली. "आमच्या टीव्हीतून निघून आमच्या माइकमध्ये जातोय आणि तुमच्याकडे परत येतोय."

"म्हणजे मी बोलतो आणि वर मीच ऐकतो?"

"हो काका."

"चला," बायडू म्हणाला, "घरात एकतरी शहाणा माणूस आला म्हणायचा."

अराबाने सेटिंगमध्ये तो प्रतिध्वनी बंद केला आणि अशी गाडी सुरू झाली. बुधवारी संध्याकाळी आणि रविवारी चर्चनंतर. साठवरचा आवाज काही चार भिंतींत मावत नव्हता. पहिल्या रविवारी आंटी अटा एकटी होती, दुसऱ्या रविवारी क्रेन्ट्सिल आला, तिसऱ्या रविवारपासून माणसं आपापले स्टूल घेऊन यायला लागली. खेळ कितीकांना कळत होता कोण जाणे, पण टोमणे सगळ्यांना कळत होते.

"तुझी ती सोंगटी बघ, गाडी सुटल्यावर फलाटावर धावणाऱ्या बाईसारखी पळतेय!"

"बायडू, तुझ्या राजाला बसायला जागा दे, उभा राहून पाय दुखले त्याचे!"

एकदा डाव रंगात आला असताना बायडूने विषय काढला, "काय रे, ती अटा अजून केंकी करते का? माझ्या शेवटच्या वर्षी फारच हलकी झाली होती हं. पानं सोलत बसायचं, सोलत बसायचं, आणि आत पाहावं तर लिंबाएवढा गोळा."

आंटी अटा तिसऱ्या स्टुलावर बसली होती. ती उठली, टीव्हीसमोर कमरेवर हात ठेवून उभी राहिली आणि पडद्याला म्हणाली, "मिस्टर बायडू, त्या लिंबाएवढ्या गोळ्यांवर तुम्ही नऊ वर्षं पोट वाढवलंत! आरशासमोर आडवे उभे राहा आणि बघा!"

टीव्हीत खाकरल्याचा आवाज झाला. मग अगदी बारीक आवाज आला, "एसिलफी, किती माणसं आहेत तिथे?"

"बावीस."

"आधी सांगायला काय झालं होतं?"

सगळं छान चाललं होतं, एक गोष्ट सोडून. एसिलफी हरत होता. सुरुवातीला त्याने दोष खेकड्याला दिला. मग वीज जायची त्याला दिला. एकदा तो जिंकायच्या बेतात असतानाच दिवे गेले होते, पण परत आल्यावर बायडू म्हणाला की हरायची वेळ आली म्हणून यानेच प्लग ओढला. मग लक्षात आलं की क्रेन्ट्सिल त्याच्या कानाशी लागून चाल सुचवतो ती खेकड्यातला माइक पकडतो आणि सुचवलेली चाल तमालेला आधी पोचते. आठ डाव हरल्यावर टीव्हीच म्हणाला होता, "क्रेन्ट्सिल, डावीकडून नको सुचवूस त्याला, तिथे मी बसलोय." तेव्हापासून क्रेन्ट्सिलला पाटी-पेन्सिल देऊन कोपऱ्यात बसवलं.

तरी एसिलफी हरला. सलग अकरावा डाव.

"हा बायडू नव्हे," तो रात्री जेवताना अराबाला म्हणाला.

"मग कोण? आवाज तर त्यांचाच आहे."

"आवाज त्याचा, खेळ त्याचा नाही. बायडू हावरट. समोर एक सोंगटी टाकली की मागचे तीन दरवाजे उघडे टाकून खायला धावणार. बत्तीस वर्षं मी त्याला तसाच हरवत आलो. आणि आता? मी सोंगटी पुढे टाकतो आणि ती तशीच पडून राहते. कोणी हुंगतसुद्धा नाही. शिवाय प्रत्येक चालीआधी हा माणूस मिनिट मिनिट गप्प. बायडू आणि गप्प!"

"वय झालं पापा. माणूस शांत होतो."

"मी झालो का?"

अराबाने पुढचा घास घेतला.

त्याचा उलगडा पुढच्या रविवारी झाला, तोही भर दुपारी आणि सव्वीस माणसांसमोर.

डाव नेहमीसारखा सुरू झाला. एसिलफीने पहिली चाल केली. आता बायडू मिनिटभर गप्प राहणार म्हणून लोकांनी भुईमुगाच्या शेंगा फोडायला घेतल्या. पण टीव्ही गप्प राहिला नाही. टीव्हीतून बायडू म्हणाला, जरा दबक्या आवाजात, म्हणजे वसाहतीच्या फाटकापर्यंत जाईल एवढ्याच:

"बोल वुमपिनी. काय केलं म्हाताऱ्याने?"

आणि एका बाईचा शांत आवाज आला, "उजवीकडची कडेची सोंगटी पुढे घेतली पापा. मी मधली भरते."

"भर, भर. झालं? आता बटण दाबतो."

टिक, असा आवाज आला आणि टीव्ही मुका झाला. पडद्यावर सोंगटी सरकली.

अराबाच्या डोक्यात लगेच प्रकाश पडला. खेकड्यावर एक बटण असतं, ते दाबलं की आपला आवाज पलीकडे जात नाही आणि छोटा दिवा लागतो. पुन्हा दाबलं की दिवा जातो, आवाज सुरू होतो. बायडू आजवर आवाज बंद करून सुनेला, म्हणजे एकोवच्या बायकोला, विचारत होता आणि आवाज सुरू करून टोमणे मारत होता. आज कुठेतरी एक दाबणं जास्त झालं होतं. सगळं उलटं पडलं होतं. पण दिवा दिसत असताना कोणी असं कसं चुकेल?

एसिलफी तोंड उघडणार तेवढ्यात क्रेन्ट्सिलने ओठांवर बोट ठेवलं. सिग्नल लाल. कोणी शेंगसुद्धा फोडेना.

एसिलफीने कशीबशी दुसरी चाल केली. टिक.

"बघितलंस?" टीव्हीतला बायडू खुशीत येऊन म्हणाला. "असा सणसणीत टोमणा हाणला की पठ्ठ्याची वाचाच गेली. सगळी गल्ली गप्प! काय केलं त्याने?"

"तीच सोंगटी अजून पुढे. पापा, त्याला डावीकडे ओढते. दोन सोंगट्या देते, तो खाईल, मग मी तिसरीकडून आत शिरून चार घेईन."

"चार? वा! माझी गुणाची सून ती. मागावर बसून जशी नक्षी विणतेस तशीच विण."

"पापा," सून म्हणाली, "एक विचारू? त्यांना सरळ सांगत का नाही तुम्ही? तुमचे मित्रच आहेत ना."

"काय सांगू? की मला पट दिसत नाही? डॉक्टर म्हणाला, काचबिंदू, गेलेली नजर परत यायची नाही. हे सेकोंडीत कळलं की संपलं. सगळे प्रार्थना करायला लागतील. अटा रडेल. क्रेन्ट्सिल बोलायला लागेल, इतकं वाईट होईल! आणि तो इंजिनड्रायव्हर मला मुद्दाम जिंकू देईल." बायडू खोकला. "मी इथे उगाच ओरडत नाही, वुमपिनी. त्याला ऐकू येत नाही. घसा बसतो माझा. पण ओरडलो की तिकडून तो हसतो ना, ते मला ऐकू येतं. मला दिसत नाही ते तेवढ्यापुरतं चालतं. चल, दाबतो बटण."

टिक.

आंटी अटा पदर नसताना पदर शोधल्यासारखी डोक्याचा रुमाल ओढून डोळ्यांना लावत होती. क्रेन्ट्सिल पाटीवर काहीतरी लिहून पुसत होता. एसिलफी पडद्याकडे बघत राहिला. आज त्याला एकही शब्द दुसऱ्याला विचारावा लागला नव्हता.

आता खरं तर त्याने तिथेच सांगून टाकायला हवं होतं. पण पडद्यावर, डावीकडे, सुनेने टाकलेल्या दोन सोंगट्या दिसत होत्या. मागून येणारा सापळा सव्वीस माणसांना ठाऊक होता. आणि एसिलफी अकरा डाव हरलेला होता. सलग अकरा. त्याने अंगठा खेकड्यावर ठेवला, उचलला, परत ठेवला. मग त्या दोन सोंगट्यांकडे न बघता तो उजवीकडून आत घुसला.

पुढची पंधरा मिनिटं टीव्ही प्रत्येक बेत आधी सांगत राहिला आणि एसिलफी तो मोडत राहिला. शेवटी सून म्हणाली, "पापा, आज त्यांना झालंय तरी काय? मी मनात आणते आणि ते तिथे उभे!"

एसिलफी जिंकला. लोकांनी शिस्तीत टाळ्या वाजवल्या, अंत्यविधीच्या भाषणाला वाजवतात तशा. कोणी नाचलं नाही. आंटी अटा निघताना म्हणाली, "आंधळ्या माणसाचं दार फोडून जिंकलात ड्रायव्हर. अभिनंदन हं." आणि त्या संध्याकाळी केंकी कुंपणावरूनही आली नाही.

दोन दिवस एसिलफीने कळ काढली. बुधवारी त्याने एकट्यानेच खेकडा हातात घेतला आणि बायडू आल्या आल्या म्हणाला, "बायडू, रविवारी तुझं बटण उलटं होतं."

"कसलं बटण?"

"गप्प बसायचं. तू टोमणे मारलेस ते आम्हाला ऐकू आले नाहीत. बाकीचं सगळं ऐकू आलं."

टीव्हीतून आवाज आला तो बायडूचा असूनही ओळखू येत नव्हता. "सगळं?"

"सगळं."

"म्हणजे तू चोरून ऐकलंस!"

"चोरून? साठवर होता टीव्ही! आख्ख्या वसाहतीने ऐकलं. अटाची शेळी दारात उभी राहून ऐकत होती!"

"आणि ऐकून खेळलास?"

"आणि तू सुनेला बसवून खेळलास त्याचं काय? अकरा डाव मी कोणाकडून हरलो? तुझ्याकडून? तू तर नुसता भोंगा!"

"मी भोंगा?"

"भोंगा! गाडी तीच हाकतेय!"

"एसिलफी," बायडू म्हणाला, "माझ्यावर दया करायला परत टीव्ही लावू नकोस." आणि लाईन तुटली.

त्या रविवारी माणसं स्टूल घेऊन आली आणि स्टूल घेऊन परत गेली. बुधवारीही टीव्हीवर नुसता रिकामा पट. एसिलफी त्याच्यासमोर बसून होता. अराबाने त्याला फुटबॉल खेळायला बोलावलं, त्याने स्वतःच्याच गोलमध्ये तीन गोल केले आणि खेकडा ठेवून दिला.

तिसऱ्या रविवारी, चर्चचे कपडे अंगावर असतानाच, टीव्हीतून बाईचा आवाज आला. "पापा एसिलफी? मी वुमपिनी, बायडूंची सून. मोठ्याने बोलू ना?"

"अजून मोठ्याने, पोरी!"

"आमचे पापा दोन आठवडे धड जेवत नाहीत. कोणाशी बोलत नाहीत. तुम्हीच काहीतरी करा."

मागून, लांबून, आवाज आला, "त्याला सांग, मी झोपलोय!"

"ते म्हणतात, ते झोपलेत," वुमपिनी म्हणाली.

एसिलफीने बाह्या सरसावल्या. दारात आंटी अटा आणि क्रेन्ट्सिल येऊन थांबले होते, त्यांच्यामागे आणखी डोकी.

"त्याला सांग," एसिलफी गरजला, "झोप म्हणावं! डोळे होते तेव्हा तरी तुला काय दिसत होतं? अर्धी गाडी विनातिकीट तुझ्या नाकाखालून कुमासीला जायची!"

दारात कोणीतरी श्वास आत ओढला. अराबाने कपाळाला हात लावला. "पापा!"

टीव्हीत पावलं वाजली. खुर्ची सरकल्याचा आवाज झाला. काहीतरी पडलं आणि घरंगळत गेलं. मग माइकच्या अगदी जवळून, सेकोंडीतल्या प्रत्येक खिडकीची काच थरथरेल असा बायडू कडाडला:

"आणि तू रे? फाटकात अडकलेला ट्रक शिट्ट्या मारून मारून हटला, त्याचा ड्रायव्हर तुला शिव्या घालत होता आणि तू त्याला हात हलवून आशीर्वाद देत होतास! बहिऱ्या!"

"आंधळ्या!"

"भंगार!"

"भोंगा!"

दोघंही थांबले. श्वास घ्यायला. आणि मग आधी टीव्ही हसला की एसिलफी, हे आंटी अटाला नंतर कितीही विचारलं तरी सांगता येत नव्हतं.

"हे बघ बायडू," एसिलफी डोळे पुसत म्हणाला, "मला तुझ्या सुनेशी खेळायचं नाही. ती मला श्वास घ्यायलाही वेळ देत नाही. मला तुझ्याशी खेळायचंय. हावरट, मूर्ख, नेहमी हरणाऱ्या बायडूशी."

"कसं खेळशील? मला पट दिसत नाही."

"काळी घरं पन्नास. तुला सेकोंडीपासून कुमासीपर्यंतची सगळी स्टेशनं क्रमाने पाठ होती. पन्नास घरं पाठ ठेवता येणार नाहीत? मी नंबर ओरडेन, तू नंबर ओरड. डोक्यात मांड पट."

बायडूने विचार केला. बटण न दाबता केला, कारण तो नाकातून सूं-सूं करत होता ते सगळ्यांना ऐकू येत होतं. "मांडला," तो म्हणाला.

अराबाने दोन्ही घरच्या टीव्हीवर दिसेल असा डाव लावला, दोन्ही बाजूंच्या सोंगट्या एसिलफीच्याच खेकड्याने हलवायचा. पहिला डाव म्हणजे गोंधळ होता. बायडू ओरडला, "एकोणीस!" एसिलफीने त्याची सोंगटी एकोणतीसवर नेली आणि लगेच खाल्ली. त्यावरून दहा मिनिटं भांडण. शेवटी क्रेन्ट्सिल उठला आणि सगळ्या वसाहतीला धक्का देत मोठ्याने, स्वच्छ, पूर्ण वाक्यात म्हणाला, "एक आणि नऊ म्हणालेत ते, ड्रायव्हर." तेव्हापासून आकडे सुटे सुटे बोलायचे असं ठरलं.

मग बायडूने एक सोंगटी चालवली ती मघाशीच मेलेली होती.

"मेलीय ती!" एसिलफी ओरडला.

"कधी मेली?"

"पाच चालींपूर्वी. मीच खाल्ली."

"माझ्या डोक्यात जिवंत आहे."

"तुझ्या डोक्यात काहीही जिवंत राहतं! इथे पडद्यावर नाही!"

"साक्षीदार?"

"तेवीस!"

"ती सगळी तुझीच माणसं. वुमपिनी, बघ गं, मेलीय का?"

"मेलीय पापा," वुमपिनी म्हणाली. तिच्यामागून मागाचा खट-खट आवाज येत होता, तिने केव्हाच आपलं विणकाम सुरू केलं होतं.

"बरं, मेली तर मेली," बायडू म्हणाला. "चांगली सोंगटी होती. सगळ्यांनी उभे राहा."

आणि खरंच सेकोंडीत तेवीस माणसं उभी राहिली.

बाविसाव्या चालीला एसिलफीने एक सोंगटी पुढे ढकलून नंबर सांगितला, तीन आणि दोन. तमालेत बायडूने ओठ चाटल्याचा आवाज आला. "खातो," तो म्हणाला. मागचे दरवाजे सताड उघडे टाकून खाल्ली. एसिलफीने खेकडा छातीशी धरला आणि अराबाकडे बघून म्हणाला, "हा बायडू. हाच!" आणि पुढच्या चालीत त्याच्या तीन सोंगट्या उडवल्या.

डाव तिथे संपला नाही, कारण वुमपिनीने जेवायला वाढलं. "आलोच," बायडू म्हणाला. "पटाला हात लावलास तर बघ. माझ्या डोक्यात सगळं तसंच्या तसं आहे." तो बटण दाबायला विसरला की दाबायचं नाही असं त्याने ठरवलं, कोण जाणे. माणसं पांगली. आंटी अटा केंकी ठेवून गेली, टेबलावर, हाताने. एसिलफी एकटाच पान सोलत टीव्हीसमोर बसला. टीव्हीतून ताटल्यांचा आवाज आला, भेंडीचं सूप ओरपल्याचा आवाज आला, मीठ कमी आहे म्हणून बायडूची कुरकुर आली आणि सुनेचं त्यावर उत्तर आलं की मीठ डॉक्टरने बंद केलंय.

"फार कुरकुर करू नकोस रे, गुमान जेव!" एसिलफी तोंडात घास असतानाच ओरडला.

"तू तुझं लिंबू खा!" टीव्ही म्हणाला.